गरिबांच्या योजनांमधले घोटाळे आणि कोर्टकचेरी: वारंवार विचारले जाणारे प्रश्न

रेशनचं धान्य, घरकुल, निराधारांचं मानधन, रोजगार हमीची मजुरी. यातला पैसा कुणीतरी खाल्ल्याची बातमी आली की लोक दोन गोष्टी विचारतात: दोषींना शिक्षा होईल का, आणि आमच्या वाट्याचं आम्हाला कधी मिळणार? पहिल्याचा निकाल लागल्याशिवाय दुसरं होत नाही, असाच बहुतेकांचा समज असतो. तो चुकीचा आहे, आणि त्या समजापायी अनेक कुटुंबांनी हक्काच्या धान्यावर वर्षानुवर्षं पाणी सोडलं आहे. खालची उत्तरं महाराष्ट्रातल्या वाचकांसाठी आहेत. कायदे मात्र बहुतेक केंद्राचे आहेत, म्हणून काही उदाहरणं बाहेरच्या राज्यांतली घेतली आहेत.

घोटाळा उघड झाला की प्रकरण कोणत्या कोर्टात जातं?

आरोपी कोण आणि त्यानं केलं काय, यावर ते ठरतं. रेशनचा गहू-तांदूळ काळ्या बाजारात जाताना पकडला तर १९५५ चा अत्यावश्यक वस्तू कायदा लागतो. त्यातल्या कलम ७ खाली सात वर्षांपर्यंत कैद होऊ शकते, आणि पकडलेला माल जप्त करून सरकारजमा करण्याचा अधिकार कलम ६-अ नं थेट जिल्हाधिकाऱ्यांना दिला आहे. खोटे लाभार्थी, बनावट सह्या, खोटी बिलं असतील तर फसवणूक, बनावट दस्तऐवज आणि विश्वासघाताची कलमं लागतात. १ जुलै २०२४ पासून ती भारतीय न्याय संहितेतली, त्याआधी घडलेल्या गुन्ह्यांना जुन्या दंड संहितेतली. म्हणूनच आज दाखल होणाऱ्या जुन्या घोटाळ्याच्या एफआयआरमध्येही ४०९ आणि ४२० हे आकडे दिसतात. त्यात काही चूक नाही.

सरकारी नोकर किंवा लोकप्रतिनिधी गुंतला असेल तर १९८८ चा भ्रष्टाचार प्रतिबंधक कायदा येतो आणि खटला विशेष न्यायाधीशांपुढे चालतो. हे सगळं झालं शिक्षेचं. तुमचं थांबलेलं धान्य किंवा पैसे मिळवायची जागा वेगळी आहे, ती पुढे सांगितली आहे.

पोलीस तक्रारच घेत नाहीत. "तहसीलला जा" म्हणतात. काय करू?

लेखी अर्ज द्या आणि दुसऱ्या प्रतीवर पोच घ्या. दखलपात्र गुन्ह्याची (ज्यात पोलीस कोर्टाच्या परवानगीविना तपास करू शकतात) माहिती मिळाली की एफआयआर नोंदवलाच पाहिजे, असं सर्वोच्च न्यायालयाच्या पाच न्यायाधीशांच्या पीठानं ललिता कुमारी प्रकरणात १२ नोव्हेंबर २०१३ ला सांगितलं. भ्रष्टाचाराच्या आरोपांत आधी थोडी प्राथमिक चौकशी करायला मात्र त्याच निकालात मुभा आहे. पोलीस कधीकधी याच मुभेचा आडोसा घेतात.

ठाण्यात दाद लागली नाही तर तोच अर्ज रजिस्टर पोस्टानं जिल्हा पोलीस अधीक्षकांना पाठवा. तरीही हालचाल नसेल तर जुन्या फौजदारी प्रक्रिया संहितेच्या जागी आलेल्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १७५(३) खाली न्यायदंडाधिकाऱ्यांकडे अर्ज करता येतो. सोबत प्रतिज्ञापत्र लागतं, आणि अधीक्षकांकडे जाऊन आल्याचा कागदही. तो नसला की अर्ज तिथेच अडतो. आरोपी सरकारी नोकर असेल आणि काम बजावताना झालेल्या कृत्याबद्दल तक्रार असेल, तर दंडाधिकारी आधी त्याच्या वरिष्ठांचा अहवाल मागवू शकतात. त्यात वेळ जातो, हे धरून चाला.

एफआयआर झाल्यावर त्याची प्रत फिर्यादीला फुकट मिळते. तपास कुठवर आला हे ९० दिवसांच्या आत कळवण्याचं बंधनही नव्या संहितेनं पोलिसांवर घातलं आहे. कळवलं नाही तर लेखी विचारा.

केस चालू आहे. तोवर माझं धान्य बंदच राहणार का?

नाही. सगळ्यात जास्त नुकसान होतं ते इथे, म्हणून जरा सविस्तर सांगतो.

२०१३ च्या अन्न सुरक्षा कायद्यानं अंत्योदय कुटुंबाला महिन्याला ३५ किलो आणि प्राधान्य कुटुंबातल्या प्रत्येक माणसाला ५ किलो धान्य हा हक्क दिला. दुकानदारानं चोरी केली म्हणून तो हक्क संपत नाही, आणि खटला दहा वर्षं चालला म्हणून लांबतही नाही. दुकान निलंबित झालं तर पुरवठा विभाग ती कार्डं जवळच्या दुसऱ्या दुकानाला जोडून देतो. जोडली नसतील तर तहसीलदारांकडे तसा अर्ज करायचा. धान्य मिळालंच नाही तर जिल्हा तक्रार निवारण अधिकाऱ्याकडे तक्रार, आणि त्याच्या निर्णयावर राज्य अन्न आयोगाकडे अपील. शासनाकडून धान्य मिळालं नाही तर त्याबदल्यात अन्न सुरक्षा भत्ता मागण्याची तरतूद कलम ८ मध्ये आहे. हा भत्ता मागणारे अर्ज फार थोडे येतात. कायद्यात इतकं स्पष्ट लिहिलेलं असताना लोकांना ते कुणी सांगत नाही, याचं मला मनापासून वाईट वाटतं.

अर्ज करताना एक पथ्य पाळा. "अमुक दुकानदार चोर आहे, त्याला शिक्षा करा" आणि "मार्च ते जूनचं माझ्या कार्डावरचं धान्य द्या" हे दोन अर्ज वेगळे लिहा. एकाच कागदावर दोन्ही लिहिलं की कार्यालय पहिल्या मागणीला धरून बसतं, "प्रकरण न्यायप्रविष्ट आहे" असा शेरा मारतं आणि दुसरी मागणी फाइलीत पडून राहते.

कोर्टात पुरावा म्हणून नेमकं काय टिकतं?

एक उलटतपासणी डोळ्यांपुढे आणा. साक्षीच्या पिंजऱ्यात एक म्हातारी उभी आहे. आरोपी दुकानदाराचा वकील विचारतो, "मशीनवर अंगठा तुम्हीच लावलात ना, आजी?" ती म्हणते, "हो." "मशीनमधून पावती निघाली?" "निघाली असंल." "म्हणजे धान्य मिळालं." वकील खाली बसतो. तिला सांगायचं असतं ते असं: अंगठा घेतला, नेटवर्क नाही म्हणून पावती दिली नाही, "पुढच्या आठवड्यात ये" म्हणाला, आणि नंतर वीसऐवजी पंधरा किलो दिलं. पण हे तिला कुणी विचारलेलंच नसतं. फेरतपासणीत ते काढून घेणं सरकारी वकिलाचं काम. त्यासाठी पोलिसांनी तिचा जबाब नीट लिहिलेला असावा लागतो. जबाबात "धान्य मिळत नाही" एवढंच असेल तर पुढे काही हाती लागत नाही.

म्हणून जबाब देताना तारीख, वजन, पावती दिली की नाही आणि त्या वेळी रांगेत कोण होतं, हे सगळं लिहून घ्यायला लावा. धान्य कमी भरलं तर त्याच दिवशी दुसऱ्या काट्यावर वजन करा, दोन शेजाऱ्यांना दाखवा, साध्या कागदावर तारखेसह लिहून त्यांच्या सह्या घ्या. पावत्या कार्डाच्या पिशवीत जपून ठेवा. त्यांची शाई उडते, म्हणून झेरॉक्स किंवा फोटो काढून ठेवा.

रोजगार हमीच्या कामांत हजेरीपट हाच मुख्य पुरावा. त्यावर नाव असलेली व्यक्ती त्या तारखांना दवाखान्यात भरती होती, परगावी ऊसतोडीला गेली होती किंवा त्याआधीच वारली होती, हे डिस्चार्ज कार्ड, मुकादमाची उचल किंवा मृत्यूच्या दाखल्यावरून दाखवता येतं. आपला कागद सरकारी कागदाशी ताडून पाहण्याची ही पद्धत मोठ्या खटल्यांतही चालते. बिहारच्या चारा घोटाळ्यात जनावरं आणि चारा वाहून नेल्याच्या बिलांवरचे गाड्यांचे नंबर परिवहन खात्याच्या नोंदींशी ताडले, तेव्हा त्यातले काही स्कूटर आणि ऑटोरिक्षांचे निघाले. असा एक ताडलेला कागद मोर्चातल्या घोषणांपेक्षा कोर्टाला जास्त काही सांगतो.

हे कागद मिळवायचा मार्ग माहिती अधिकाराचा. अर्जाला १० रुपये शुल्क, दारिद्र्यरेषेखालच्या अर्जदाराला तेही माफ. उत्तराची मुदत ३० दिवस. प्रमाणित प्रतीच मागा, साध्या झेरॉक्सवर कोर्टात हरकत येते. अनुदानाच्या योजनांच्या लाभार्थ्यांची माहिती तर कार्यालयानं न मागताच जाहीर करायची असते, कलम ४ तसं सांगतं.

मोबाइलवरचं रेकॉर्डिंग किंवा ऑनलाइन नोंदीची प्रिंट चालते का?

चालते, पण सोबत कायद्यानं ठरवलेलं प्रमाणपत्र लागतं. जालन्याच्या निवडणूक वादातून निघालेल्या अर्जुन खोतकर विरुद्ध कैलास गोरंट्याल या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयानं २०२० मध्ये हे पक्कं केलं, आणि नव्या साक्ष कायद्याच्या कलम ६३ मध्येही ती अट आहे. मूळ रेकॉर्डिंग ज्या मोबाइलवर केलं तो विकू नका, फॉरमॅट करू नका. ई-पॉसच्या (रेशन दुकानातल्या अंगठ्याच्या मशीनच्या) नोंदींसाठी प्रमाणपत्र तपास अधिकाऱ्यानं संबंधित खात्याकडून घ्यायचं असतं. चार्जशीटसोबत ते जोडलं आहे का, हे सरकारी वकिलांना एकदा विचाराच.

माझंच नाव बोगस लाभार्थी म्हणून आलंय. मी काय गुन्हा केला?

घाबरू नका, पण नोटीस घरात पाडूनही ठेवू नका.

अपात्र असणं आणि फसवणूक करणं यांत फरक आहे. फसवणुकीच्या गुन्ह्याला सुरुवातीपासूनचा अप्रामाणिक हेतू लागतो. संजय गांधी निराधार योजनेत वार्षिक उत्पन्नाची मर्यादा २१ हजार रुपये आहे. इतक्या कमी रकमेची रेषा कुणीही सहज ओलांडेल. दलालानं फॉर्म भरला, अंगठा तुमचा, आत काय लिहिलं ते तुम्हाला माहीत नाही, असं असेल तर ते पहिल्याच उत्तरात स्पष्ट लिहा. दलालाचं नाव, किती पैसे घेतले, कुठे बसून फॉर्म भरला, सगळं. नंतर सांगितलं तर ती सुचलेली पळवाट वाटते.

लाभ बंद करण्याआधी कारणे दाखवा नोटीस आणि म्हणणं मांडण्याची संधी मिळाली पाहिजे, हे नैसर्गिक न्यायाचं तत्त्व आहे. ती न देता नाव काढलं असेल तर तेवढ्या एका मुद्द्यावरही उच्च न्यायालय आदेश रद्द करू शकतं. लाडकी बहीण योजनेत २०२५ च्या जुलैपर्यंत २६ लाखांहून अधिक जणांचा लाभ छाननीत थांबवल्याचं सरकारनंच जाहीर केलं. त्यांत योजनेचे पैसे घेणारे पुरुषही निघाले. पण एवढ्या मोठ्या छाननीत पात्र बायकाही अडकू शकतात, आणि त्यांच्यासाठी फेरपडताळणीचा अर्ज हा पहिला उपाय आहे.

वसुलीबद्दल: घेतलेली रक्कम परत मागण्याचा अधिकार शासनाला आहे. हप्ते मागता येतात. सर्वोच्च न्यायालयानं २०१४ च्या रफिक मसीह निकालात खालच्या श्रेणीतल्या कर्मचाऱ्यांना चुकून दिला गेलेला जादा पगार वसूल करायला मनाई केली. तो निकाल नोकरांबद्दलचा आहे, लाभार्थ्यांना जसाच्या तसा लागू होत नाही. पण ज्याची स्वतःची लबाडी नाही अशा गरिबाकडून वसुली करणं किती जाचक ठरतं, हे मांडताना वकील त्याचा आधार घेऊ शकतात.

मला एक गोष्ट ठामपणे म्हणायची आहे. शेकडो बोगस नावं असलेल्या यादीवर कुणीतरी सही केलेली असते. गुन्हे फक्त अंगठा लावणाऱ्यांवर दाखल झाले आणि सही करणारा साक्षीदारांच्या यादीत गेला, तर तपास उलट्या दिशेनं चाललाय. असं दिसलं तर वरिष्ठांकडे आणि कोर्टात लेखी हरकत घ्या.

आधारचा ठसा जुळत नाही म्हणून मला "संशयित" ठरवलं. बरोबर आहे का?

नाही. कष्टाच्या कामानं बोटांच्या रेषा झिजतात. २६ सप्टेंबर २०१८ च्या आधार निकालात सर्वोच्च न्यायालयानं कल्याणकारी योजनांना आधार जोडणं वैध ठरवलं, पण ओळख पटण्यात अडचण आली म्हणून खऱ्या लाभार्थ्याला वंचित ठेवता येणार नाही, हेही सांगितलं. दुकानदाराकडे पर्यायी पद्धत मागा, आणि नाकारलं तर तारखेसह तक्रार करा.

घरकुलाच्या हप्त्यासाठी पैसे मागितले, मी दिले. आता तक्रार केली तर मीच अडकेन का?

पैसे द्यायच्या आधी लाचलुचपत प्रतिबंधक विभागाला १०६४ वर कळवलंत तर प्रश्नच नाही. सापळा ते लावतात. नाइलाजानं दिलेच असतील तर सात दिवसांच्या आत तक्रार करा, भ्रष्टाचार प्रतिबंधक कायद्यातल्या २०१८ च्या दुरुस्तीनं अशा माणसाला संरक्षण दिलं आहे. तक्रारदार नंतर वारला किंवा फितूर झाला तरी इतर पुराव्यांवरून लाचेची मागणी सिद्ध करता येते, असं घटनापीठानं १५ डिसेंबर २०२२ ला नीरज दत्ता प्रकरणात म्हटलं आहे.

आरोपी जामिनावर सुटला. म्हणजे केस संपली?

अजिबात नाही. जामीन म्हणजे निर्दोष सुटका नव्हे. गुन्ह्यानुसार ६० किंवा ९० दिवसांत चार्जशीट गेली नाही तर कोठडीतल्या आरोपीला जामीन मिळण्याचा हक्कच तयार होतो, म्हणून त्या मुदतीकडे लक्ष ठेवा. सुटल्यावर तो साक्षीदारांना गाठत असेल तर जामीन रद्द करण्याचा अर्ज करता येतो.

निकाल लागायला इतकी वर्षं का लागतात?

जळगावचं घरकुल प्रकरण पाहा. झोपडपट्टीतल्या लोकांसाठी सुमारे ११ हजार घरं बांधायची नगरपालिकेची योजना नव्वदच्या दशकातली. उभी राहिली दीड हजाराच्या आसपास. तत्कालीन आयुक्त प्रवीण गेडाम यांनी फिर्याद दिली २००६ मध्ये. माजी मंत्री सुरेश जैन यांना अटक झाली २०१२ मध्ये. धुळ्याच्या विशेष न्यायालयानं ३१ ऑगस्ट २०१९ ला ४८ जणांना दोषी ठरवलं. जैन यांना सात वर्षांची कैद आणि १०० कोटी रुपयांचा दंड झाला. त्यानंतर प्रकरण अपिलात उच्च न्यायालयात गेलं. योजना आखली तेव्हा झोपडीत जन्मलेलं मूल निकालाच्या दिवशी वीस वर्षांच्या पुढे गेलेलं होतं.

उशिराची कारणं वेगवेगळी आहेत. सरकारी नोकरावर भ्रष्टाचाराचा खटला चालवायला भ्रष्टाचार प्रतिबंधक कायद्याच्या कलम १९ खाली शासनाची मंजुरी लागते. ती तीन महिन्यांत, फार तर आणखी एक महिना घेऊन, द्यावी असं कायदा म्हणतो. काही प्रकरणांत तपास सुरू करायलाच कलम १७-अ ची पूर्वपरवानगी लागते. मग हजारो पानांची चार्जशीट, पन्नास आरोपींचे पन्नास वकील, दोषमुक्तीचे अर्ज, वरच्या कोर्टातून स्थगिती. भ्रष्टाचाराचा खटला दोन वर्षांत संपवण्याचा प्रयत्न व्हावा, असं याच कायद्यात लिहिलेलं आहे. मंजुरी कुठे अडली आहे हे माहिती अधिकारात विचारता येतं. ती तारीख कळली की निदान दाद कुणाकडे मागायची ते ठरतं.

शिक्षा झाली की खाल्लेला पैसा लाभार्थ्यांना परत मिळतो का?

आपोआप नाही. दंड सरकारजमा होतो. दंडातून पीडितांना भरपाई देण्याचा आदेश कोर्ट करू शकतं, पण तो मागावा लागतो, आणि शेकडो लाभार्थी असले की बहुधा कुणीच मागत नाही. नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १०७ मध्ये आता गुन्ह्यातून मिळवलेली मालमत्ता जप्त करून जिल्हाधिकाऱ्यांमार्फत ६० दिवसांत पीडितांना वाटण्याची सोय आहे. लाभार्थ्यांची पक्की यादी, कुणाचं किती गेलं याच्या तक्त्यासह, सुरुवातीपासून तयार ठेवा. तपास अधिकारी ती स्वतःहून करील, या भरवशावर राहू नका.

दुकानाचा परवाना रद्द झाला होता, दुकानदार स्थगिती आणून परत बसला. हे कसं?

परवाना रद्द करण्यावर त्याला पुरवठा उपायुक्तांकडे आणि पुढे शासनाकडे दाद मागता येते. सुनावणीत गावकऱ्यांचं म्हणणं मांडणारं कुणी नसेल तर एकच बाजू ऐकली जाते. मूळ तक्रारदार म्हणून पक्षकार करून घेण्याचा अर्ज द्या.

"धान्य देतो, केस मागे घे" म्हणतोय. घेऊ का?

धान्य घ्या, तुमचंच आहे. केस मागे घेणं मात्र तुमच्या हातात नाही. भ्रष्टाचाराच्या कायद्याखालचा गुन्हा दोघांच्या तडजोडीवर रद्द होत नाही, हे ग्यान सिंग निकालात २०१२ मध्येच स्पष्ट झालं आहे. मिळालेल्या धान्याची तारीख आणि वजन लिहून ठेवा.

घोटाळा झाला म्हणून सरकारनं अख्खी योजनाच थांबवली तर?

पश्चिम बंगालमध्ये नेमकं हेच झालं. गैरव्यवहाराचं कारण देत केंद्रानं मार्च २०२२ पासून तिथल्या मनरेगाचा (केंद्राच्या रोजगार हमी योजनेचा) निधी रोखला. कोलकाता उच्च न्यायालयानं १८ जून २०२५ ला आदेश दिला, की १ ऑगस्टपासून काम सुरू करा. गैरव्यवहार रोखायला हव्या त्या अटी घाला, चौकशी चालू ठेवा, पण योजना बेमुदत बंद ठेवता येणार नाही. केंद्राचं अपील सर्वोच्च न्यायालयानं २७ ऑक्टोबर २०२५ ला फेटाळलं. शिक्षा आणि हक्क यांच्या वाटा वेगळ्या आहेत, हे इतक्या ठळकपणे सांगणारं दुसरं उदाहरण शोधायला नको. तरीही तिथल्या मजुरांची तीन वर्षं गेली ती गेलीच.

जनहित याचिका कधी करावी?

एका माणसाचा नव्हे, तर अख्ख्या व्यवस्थेचा प्रश्न असेल तेव्हा. पीयूसीएल या मानवी हक्क संघटनेनं २००१ मध्ये केलेल्या याचिकेवर सर्वोच्च न्यायालयानं २८ नोव्हेंबर २००१ ला अन्नविषयक योजनांना हक्काचं रूप दिलं आणि पुढे अंमलबजावणीवर लक्ष ठेवायला आयुक्त नेमले. आपल्याकडे आदिवासी विकास विभागातल्या २००४ ते २००९ या काळातल्या गैरव्यवहारांसाठी मुंबई उच्च न्यायालयातल्या अशाच याचिकेतून निवृत्त न्यायमूर्ती एम. जी. गायकवाड यांची समिती आली आणि २०१७ मध्ये तिचा अहवाल आला. अहवालावरून गुन्हे दाखल व्हायला पुन्हा कोर्टाचा रेटा लागला. एकट्याचं चार महिन्यांचं धान्य अडलं असेल तर मात्र याचिकेच्या मागे लागू नका. तक्रार निवारण अधिकारी जवळ आहे.

वकिलाला द्यायला पैसे नाहीत.

तालुका कोर्टात विधी सेवा समिती असते, जिल्ह्याला प्राधिकरण. महिला, अनुसूचित जाती-जमातीच्या व्यक्ती आणि दिव्यांग यांना उत्पन्न कितीही असलं तरी १९८७ च्या कायद्यानं मोफत वकील मिळतो. बाकीच्यांना उत्पन्नाची मर्यादा आहे. फोन करायचा तर १५१००.

तक्रार केल्यापासून धमक्या येतात.

हे हलक्यानं घेऊ नका. रोजगार हमीच्या सामाजिक अंकेक्षणासाठी (लोकांनी मिळून केलेल्या कामांच्या आणि हिशेबाच्या तपासणीसाठी) काम करणाऱ्या ललित मेहता यांचा २००८ मध्ये झारखंडच्या पलामू जिल्ह्यात खून झाला. माहिती उघड करणाऱ्यांच्या संरक्षणाचा २०१४ चा कायदा संसदेनं मंजूर केला, पण तो अमलात आणलेला नाही. हाती आहे ती २०१८ ची साक्षीदार संरक्षण योजना. सर्वोच्च न्यायालयानं ती देशभर लागू केली. सात वर्षं किंवा त्याहून जास्त शिक्षेच्या गुन्ह्यातल्या साक्षीदाराला जिल्हा न्यायाधीशांच्या अध्यक्षतेखालच्या प्राधिकरणाकडे अर्ज करता येतो. पोलिसांकडून धोक्याचा अहवाल मागवून ते संरक्षण ठरवतात. प्रत्येक धमकीची तारीख, वेळ, फोन नंबर आणि शब्द लिहून ठाण्यात अर्ज द्या. तक्रार शक्यतो एकट्याच्या नावानं करू नका. दहा कार्डधारकांच्या सह्या असल्या की दबाव एकाच घरावर येत नाही, आणि कोर्टात साक्षीलाही दहा जण असतात.